पेठेतील पिशवी आणि शेतातील माती

शहर आणि शेत यांचा संबंध देवघेवीचा आहे. शेतातील धान्य, भाजीपाला, फळे व दूध शहरात जातात. त्यांतून उरलेल्या साली, देठ, पालापाचोळा व उष्टेखरकटे कुजून पुन्हा जमिनीला मिळाले, तरच ही देवघेव पुरी होते. पुणे शहराच्या आसपासच्या मळेकऱ्यांना ही गोष्ट नवी नाही. शहराचे सोनखत उसाच्या मळ्यांत घालण्याची चाल येथे एकोणिसाव्या शतकापासून होती. आपल्या दख्खनच्या जमिनीत सेंद्रिय पदार्थ मुळातच कमी. उष्ण हवेमुळे असलेलेही लवकर जळून जातात. म्हणून शहराने दिलेले खत नाकारणे शेतकऱ्याला परवडणारे नाही.

परंतु आज या खताबरोबर एक असा पदार्थ शेताकडे येऊ लागला आहे, की जो कुजत नाही, पाण्यात विरघळत नाही आणि एकदा मातीत मिसळला म्हणजे वेचून काढता येत नाही. हा पदार्थ म्हणजे प्लास्टिकचे बारीक कण होत. शास्त्रज्ञ त्यांना सूक्ष्म प्लास्टिक म्हणतात. हे कण येतात कोठून, जमिनीत जाऊन काय करतात, आणि शेतकरी बंधूंनी व गावपातळीवरील कार्यकर्त्यांनी याबाबत काय करावे, याचा विचार या लेखात केला आहे.

सूक्ष्म प्लास्टिक म्हणजे काय?

पाच मिलिमीटरपेक्षा लहान असलेल्या प्लास्टिकच्या तुकड्याला सूक्ष्म प्लास्टिक म्हणतात. ज्वारीचा दाणा साधारणपणे चार मिलिमीटर जाडीचा असतो. म्हणजे ज्वारीच्या दाण्याएवढ्या तुकड्यापासून तो डोळ्यांना मुळीच न दिसणाऱ्या कणापर्यंत सर्व तुकडे या नावाखाली येतात. इंग्लंडमधील प्लिमथ विद्यापीठाचे प्राध्यापक रिचर्ड थॉम्प्सन व त्यांचे सहकारी यांनी २००४ साली समुद्रकिनाऱ्यावरील वाळूत व समुद्राच्या पाण्यात असे कण असल्याचे दाखवून दिले, तेव्हापासून हा शब्द शास्त्रीय वाङ्मयात रूढ झाला.

काही कण मुळातच लहान आकारात तयार होतात. परंतु बहुतेक कण मोठ्या वस्तू झिजून निर्माण होतात. पिशवी उन्हात पडली म्हणजे सूर्याच्या अतिनील किरणांनी तिच्यातील लांब साखळ्यांसारखे रेणू तुटतात. पिशवी प्रथम कडक होते, मग तिला चिरा पडतात आणि शेवटी हात लावताच तिचा चुरा होतो. पाहणाऱ्याला वाटते की पिशवी नाहीशी झाली. प्रत्यक्षात ती जागच्या जागीच असते. फक्त एका पिशवीचे लक्षावधी तुकडे झालेले असतात.

१९५० साली साऱ्या जगात मिळून सुमारे वीस लाख टन प्लास्टिक तयार होत असे. आज वर्षाला चाळीस कोटी टनांहून अधिक तयार होते. अमेरिकेतील तीन शास्त्रज्ञांनी २०१७ साली याचा हिशेब मांडला. त्यांच्या मते २०१५ पर्यंत कचऱ्यात गेलेल्या प्लास्टिकपैकी केवळ ९ टक्क्यांचा पुनर्वापर झाला, १२ टक्के जाळले गेले आणि उरलेले ७९ टक्के कचराडेपोंत किंवा उघड्यावर साठून राहिले.

पेठेतून शेतापर्यंत

हा पदार्थ शेतात कसा पोहोचतो हे समजण्यासाठी पुण्याच्या सदाशिव पेठेचे उदाहरण घेऊ. सदाशिवरावभाऊंचे नाव धारण करणारी ही पेठ आज अत्यंत दाट वस्तीची आहे. जुन्या वाड्यांच्या जागी उभ्या राहिलेल्या इमारती, विद्यार्थ्यांच्या खोल्या व अभ्यासिका, खानावळी, चहाची दुकाने आणि किराणा दुकाने यांनी ती भरलेली आहे. येथे रोज सकाळी घरोघर पिशवीतील दूध येते.

गृहिणी पिशवीचा कोपरा कात्रीने कापते. पिशवी धुऊन वाळवून भंगारवाल्यास दिली जाते. ही पेठेतील जुनी व चांगली सवय आहे. पण तो कापलेला कोपरा कोठे जातो? तो ओट्यावरच्या भाजीच्या देठांत मिसळतो आणि ओल्या कचऱ्याच्या बादलीत पडतो. हा कोपरा क्षुल्लक दिसतो, पण त्याचा हिशेब करून पाहावा. समजा, एका इमारतीत वीस बिऱ्हाडे आहेत व प्रत्येक बिऱ्हाडात रोज दोन पिशव्या येतात. रोजचे कोपरे ४० झाले. वर्षाचे १४,६०० झाले. कोपऱ्याच्या दोन बाजू एकेक सेंटिमीटर धरल्या आणि पिशवीला दोन पदर असतात हे लक्षात घेतले, तर एका कोपऱ्यातून एक मिलिमीटर लांबीरुंदीचे शंभर तुकडे निघू शकतात. म्हणजे एका इमारतीच्या केवळ दुधाच्या कोपऱ्यांतून वर्षाला साडेचौदा लाखांहून अधिक कण निर्माण होण्यासारखे आहेत.

यात आणखी भर पडते. पोळीभाजी बांधून दिलेल्या पातळ पिशव्या, शांपूच्या व मसाल्याच्या पुड्या, फळांवर चिकटविलेल्या लहान चिठ्ठ्या, चहाच्या पुडीचे कोपरे, भांडी घासावयाच्या घासणीचे झिजलेले धागे आणि देवघरातील निर्माल्याबरोबर आलेली फुलांची पिशवी या साऱ्या वस्तू ओल्या कचऱ्यात सहज जातात.

पुणे शहरात रोज दोन हजार टनांहून अधिक कचरा निघतो. कचरावेचक कष्टकऱ्यांची 'कागद काच पत्रा कष्टकरी पंचायत' ही संघटना १९९३ साली स्थापन झाली. पुढे तिच्यातून 'स्वच्छ' ही सहकारी संस्था उभी राहिली. या संस्थेचे सभासद घरोघर जाऊन ओला व सुका कचरा वेगवेगळा गोळा करतात. त्यांच्या कष्टामुळे फार मोठे प्लास्टिक कंपोस्टात जाण्यापूर्वीच बाजूला निघते. तथापि कोपऱ्याएवढा तुकडा हाताने वेचणे कोणालाही शक्य नाही. जे घरात वेगळे झाले नाही, ते पुढे पूर्णपणे वेगळे होत नाही.

ओल्या कचऱ्याचा काही भाग इमारतींच्या आवारात व काही भाग प्रक्रिया केंद्रांत कुजविला जातो. तयार खत चाळणीतून काढतात. येथे एक गोष्ट ध्यानात घेण्यासारखी आहे. १९८५ च्या खत नियंत्रण आदेशातील प्रमाणाप्रमाणे शहरी कंपोस्टाचा किमान ९० टक्के भाग चार मिलिमीटरच्या चाळणीतून गेला पाहिजे. खत भुसभुशीत व सारखे असावे हा या अटीचा हेतू आहे आणि तो योग्यच आहे. परंतु चार मिलिमीटरची चाळणी पिशव्यांचे मोठे तुकडे तेवढे अडविते. त्याहून बारीक कण खताबरोबर खाली उतरतात. म्हणून चाळलेले खत दिसावयास स्वच्छ असले, तरी ते प्लास्टिकमुक्त असतेच असे नाही. जर्मनीतील बायरॉइट विद्यापीठाच्या संशोधकांनी २०१८ साली प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात घरगुती ओल्या कचऱ्यापासून केलेल्या चांगल्या प्रतीच्या कंपोस्टातही असे कण आढळले होते. वर्गीकरणाची शिस्त कडक असलेल्या देशाची ही स्थिती आहे.

आणि वर्गीकरण मुळीच न झालेल्या कचऱ्याचे काय होते, हे उरुळी देवाची व फुरसुंगी येथील ग्रामस्थांना कोणी सांगावयास नको. शहराचा मिश्र कचरा तेथे वर्षानुवर्षे ढिगाने टाकला गेला. त्याचा दुर्गंध व विहिरींच्या पाण्याची नासाडी याविरुद्ध तेथील लोकांनी अनेक वेळा आंदोलने केली. घरातील एका बादलीत झालेल्या आळसाची किंमत वीस किलोमीटरवरील गावाला द्यावी लागते, हा या प्रकरणाचा धडा आहे.

पाण्याची वाट

दुसरी वाट सांडपाण्याची. आपल्या वापरातील पॉलिस्टर, नायलॉन व अॅक्रिलिकचे कपडे हेही प्लास्टिकच होय. प्लिमथ विद्यापीठातच २०१६ साली केलेल्या प्रयोगात, अॅक्रिलिकचे सहा किलो कपडे यंत्रात एकदा धुतले असता सात लाखांहून अधिक तंतू सुटू शकतात असे आढळले. हे तंतू न्हाणीघराच्या मोरीतून गटारात आणि तेथून मैलापाणी शुद्धीकरण केंद्रात जातात. केंद्रातील टाक्यांत त्यांपैकी बहुतेक गाळाबरोबर खाली बसतात. पाणी त्या मानाने स्वच्छ होते, पण गाळ तितकाच दूषित होतो. असा गाळ खत म्हणून शेतात टाकला, तर पाण्यातून काढलेले प्लास्टिक आपण मातीत घातले असाच त्याचा अर्थ होतो.

सर्व सांडपाणी शुद्ध होऊनच नदीत जाते असेही नाही. मुठा नदी पेठांच्या कडेने वाहत संगमावर मुळेला मिळते. पुढे मुळामुठा ही हवेली व दौंड तालुक्यांतून जाऊन रांजणगाव सांडसजवळ भीमेस मिळते आणि ते पाणी उजनीच्या जलाशयात जाते. शिवाय मुंढवा येथील जॅकवेलमधून नदीचे पाणी उपसून बेबी कालव्याद्वारे शेतीस देण्याची योजना आहे. खडकवासल्याचे स्वच्छ पाणी शहराने प्यावे आणि त्याच्या बदल्यात वर्षाला साडेसहा टीएमसी वापरलेले पाणी शुद्ध करून शेतीस द्यावे, असे या योजनेमागील सूत्र आहे. तेव्हा पेठेतील मोरीत जे पडते त्याचा काही अंश दौंडच्या उसाच्या सरीपर्यंत पोहोचतो, हे उघड आहे.

शेतातच तयार होणारे कण

दोष केवळ शहराचा आहे असे मानणे मात्र न्यायाचे होणार नाही. अन्न व कृषी संघटनेने २०२१ च्या डिसेंबरात प्रसिद्ध केलेल्या अहवालाप्रमाणे जगात पिके व पशुधन यांच्या उत्पादनासाठी वर्षाला १ कोटी २५ लाख टन प्लास्टिक वापरले जाते. आपल्याकडे टोमॅटो, मिरची, कलिंगड, खरबूज व स्ट्रॉबेरी या पिकांत आच्छादनाचा कागद सर्रास वापरला जातो. ठिबकच्या नळ्या, शेडनेट, शेततळ्याचे अस्तर, रोपवाटिकेतील पिशव्या, केळीच्या घडावरील आवरणे, खतांची पोती आणि वेल बांधण्याची सुतळी हे सर्व प्लास्टिकच आहे. या साधनांनी पाण्याची बचत झाली, तण कमी झाले व उत्पन्न वाढले. त्यांचा उपयोग नाकारण्याचे कारण नाही. प्रश्न आहे तो काम संपल्यावर त्यांचे काय होते, हा.

आच्छादनाच्या कागदाचा हिशेब पाहा. एक एकर म्हणजे सुमारे चार हजार चौरस मीटर. गादीवाफ्यांवर निम्मे क्षेत्र झाकले असे धरले आणि कागदाची जाडी २५ मायक्रॉन घेतली, तर एकरी सुमारे ४६ किलो प्लास्टिक अंथरले जाते. कागद काढताना त्याचा दहावा भाग फाटून मातीत राहिला, तर एका हंगामात साडेचार किलो प्लास्टिक जमिनीत गाडले गेले. पाच हंगामांत ते तेवीस किलो होईल. आणि कागद न काढताच रोटाव्हेटर फिरविला, तर एका दिवसात ४६ किलोंचे तुकडे करून आपणच ते मातीत कालविले असे होते.

चीनचा अनुभव या बाबतीत बोलका आहे. तेथे शिंच्यांग प्रांतात कपाशीसाठी अतिशय पातळ कागद अनेक वर्षे वापरला गेला. तो काढताना फाटत असे. जमिनीत साठलेल्या तुकड्यांनी मुळांची वाढ व पाण्याचे वहन यांस अडथळा होऊ लागला. अखेर त्या देशाला कागदाची किमान जाडी आठ मायक्रॉनवरून दहा मायक्रॉनवर नेणारे नवे प्रमाण करावे लागले. ते २०१८ साली अमलात आले. पातळ कागद खरेदीस स्वस्त, पण जमिनीला महाग पडतो.

जमिनीवर व पिकांवर होणारे परिणाम

चांगल्या जमिनीत मातीचे कण सेंद्रिय पदार्थांनी एकमेकांस धरून ढेकळ्यांच्या रूपात राहतात आणि त्यांच्या पोकळ्यांत हवा व पाणी खेळते. प्लास्टिकचे तंतू व पापुद्रे या रचनेत शिरले म्हणजे मातीची घनता, पाणी धरून ठेवण्याची शक्ती व सूक्ष्म जीवांचे कार्य यांत फरक पडतो, असे जर्मनीतील प्रयोगांत आढळले आहे. हा फरक प्लास्टिकचा प्रकार, आकार व प्रमाण यांवर अवलंबून असतो. म्हणून थोडेसे प्लास्टिक दिसताच जमीन वाया गेली असे समजून घाबरून जाण्याचे कारण नाही.

शेतकऱ्याचा मित्र जो गांडूळ, त्याच्यावर नेदरलँड्समधील वागेनिंगेन विद्यापीठाच्या संशोधकांनी प्रयोग केले व २०१६ साली त्यांचे निष्कर्ष प्रसिद्ध केले. पालापाचोळ्यात पॉलिथिनचे कण मोठ्या प्रमाणात मिसळले तेव्हा गांडुळांची वाढ खुंटली व मरण्याचे प्रमाण वाढले. प्रयोगातील प्रमाण नेहमीच्या शेतातील प्रमाणापेक्षा पुष्कळ अधिक होते हे खरे. पण त्याच संशोधकांना दुसरी एक गोष्ट दिसली. गांडुळे हे कण आपल्या बिळांतून खालच्या थरांत नेतात. वर पडलेला कण वरच राहील असा भरवसा यामुळे उरत नाही.

पिकाच्या मुळांतून हे कण आत जातात काय, असे शेतकरी बंधू विचारतात. मोठे कण जाऊ शकत नाहीत. परंतु चिनी शास्त्रज्ञांनी २०२० साली गहू व लेट्यूस या पिकांवर केलेल्या प्रयोगात, जेथे मुख्य मुळातून उपमुळे फुटतात तेथील फटींतून अतिसूक्ष्म कण आत शिरल्याचे दाखविले. हे प्रयोगशाळेतील काम आहे. त्यावरून बाजारातील प्रत्येक भाजीत प्लास्टिक आहे असे अनुमान काढणे बरोबर होणार नाही. मात्र दार पूर्ण बंद नाही, एवढे त्यावरून निश्चित कळते.

माणसांच्या व जनावरांच्या आरोग्याचा प्रश्न

जनावरांच्या बाबतीत धोका सूक्ष्म कणांपेक्षा पिशवीचाच अधिक. उष्टे अन्न पिशवीत बांधून टाकले म्हणजे गाय पिशवीसकट ते खाते. पिशवी पहिल्या पोटातून पुढे सरकत नाही. तेथे अनेक पिशव्या व सुतळ्या गुंतून त्यांचा गोळा होतो. जनावराची भूक मंदावते, रवंथ कमी होते, पोट वारंवार फुगते व दूध आटते. अशी लक्षणे दिसताच पशुवैद्यकास दाखवावे. पुष्कळदा शस्त्रक्रियेवाचून उपाय राहत नाही.

माणसाच्या शरीरात हे कण अन्न, पाणी व श्वास यांवाटे जातात. इटलीतील संशोधकांना २०२१ साली मानवी वारेत असे कण आढळले. नेदरलँड्समध्ये २०२२ साली २२ निरोगी रक्तदात्यांपैकी १७ जणांच्या रक्तात प्लास्टिकचा अंश सापडला. इटलीतच २०२४ साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात, मानेतील रक्तवाहिनीचा अडथळा शस्त्रक्रियेने काढलेल्या २५७ रुग्णांकडे सुमारे ३४ महिने लक्ष ठेवण्यात आले. ज्यांच्या अडथळ्यात प्लास्टिक सापडले होते, त्यांच्यात हृदयविकाराचा झटका, पक्षाघात किंवा मृत्यू यांचा धोका इतरांच्या साडेचार पट होता. या अभ्यासाने दोन गोष्टी बरोबर आढळतात एवढे दाखविले. एक दुसरीचे कारण आहे हे अद्याप सिद्ध व्हावयाचे आहे. जागतिक आरोग्य संघटनेनेही २०१९ च्या अहवालात पिण्याच्या पाण्यातील कणांबाबत अधिक संशोधनाची आवश्यकता सांगितली होती.

आपल्या देशातील दोन उदाहरणे नित्याच्या व्यवहारातील आहेत. खरगपूरच्या भारतीय तंत्रज्ञान संस्थेतील संशोधकांनी असे दाखविले, की कागदी पेल्यात १०० मिलिलिटर गरम द्रव पंधरा मिनिटे राहिला, तर पेल्याच्या आतील प्लास्टिकच्या अस्तरातून सुमारे २५ हजार सूक्ष्म कण त्यात उतरतात. अमृततुल्य चहा काचेच्या पेल्यातूनच प्यावा, यास आता शास्त्राचाही आधार मिळाला आहे. दिल्लीच्या 'टॉक्सिक्स लिंक' या संस्थेस २०२४ साली बाजारातील तपासलेल्या मीठ व साखरेच्या सर्व नमुन्यांत असे कण आढळले. त्याच वर्षी भारतीय अन्न सुरक्षा व मानके प्राधिकरणाने अन्नातील या कणांचे मापन करण्याच्या पद्धती बसविण्यासाठी प्रकल्प हाती घेतला.

सारांश, भीती पसरविण्याइतका पुरावा नाही आणि स्वस्थ बसण्याइतकी खात्रीही नाही. अशा वेळी शहाणा शेतकरी जे करतो तेच करावे: जे परत काढता येत नाही, ते आत जाऊ देऊ नये.

शहरी कंपोस्ट घेताना करावयाची परीक्षा

शेतात खत पसरण्यापूर्वी पुढील सोपी परीक्षा गावातच करता येते.

१) ढिगाच्या किंवा पोत्यांच्या निरनिराळ्या आठ-दहा ठिकाणांहून मूठमूठ खत घेऊन चांगले मिसळावे. त्यातील १०० ग्रॅम खत सावलीत वाळवून घ्यावे.

२) काचेच्या मोठ्या बरणीत एक लिटर पाणी घेऊन त्यात मीठ विरघळेनासे होईपर्यंत, म्हणजे सुमारे ३५० ग्रॅम, घालावे. साध्या पाण्यापेक्षा मिठाचे पाणी जड असल्याने प्लास्टिकचे अधिक प्रकार त्यावर तरंगतात.

३) या पाण्यात खत टाकून लाकडी काडीने ढवळावे व एक तास स्थिर राहू द्यावे.

४) वर तरंगणारा भाग पांढऱ्या सुती कापडावर गाळून घ्यावा, साध्या पाण्याने धुवावा व वाळवावा. त्यात भुसा व काड्याही असतील.

५) भिंगाखाली संशयित तुकडे पाहावेत व त्यांना तापलेली सुई लावावी. प्लास्टिक वितळते, आकसते किंवा सुईला चिकटते. काडी किंवा भुसा काळा पडून जळतो.

६) निघालेले प्लास्टिक सोनाराच्या काट्यावर तोलावे.

युरोपीय संघाच्या २०१९ च्या खतविषयक नियमांत, दोन मिलिमीटरपेक्षा मोठ्या प्लास्टिकसाठी कोरड्या खताच्या किलोमागे ३ ग्रॅम ही मर्यादा घातली होती. आपल्या परीक्षेत ती १०० ग्रॅमला ०.३ ग्रॅम होते. ही मर्यादासुद्धा उदार आहे, हे पुढील हिशेबावरून दिसेल. एकरी पाच टन खत टाकले व त्यात किलोमागे ३ ग्रॅम प्लास्टिक असले, तर एका वेळी १५ किलो प्लास्टिक शेतात गेले. म्हणून याहून अधिक प्लास्टिक दिसल्यास ते खत घेऊ नये, आणि कमी आढळले तरी दरवर्षी परीक्षा करावी.

या परीक्षेची मर्यादा कार्यकर्त्यांनी शेतकऱ्यांस समजावून सांगावी. पाण्याच्या बाटलीचे व पीव्हीसीचे प्लास्टिक जड असल्याने मिठाच्या पाण्यातही तळाशी बसते. अतिसूक्ष्म कण डोळ्यांना दिसत नाहीत. म्हणून तळाचा गाळही कापडावर पसरून पाहावा. परीक्षेनंतर उरलेले मिठाचे पाणी शेतात, झाडाच्या आळ्यात किंवा विहिरीजवळ ओतू नये.

शेतकऱ्यांनी पाळावयाचे नियम

आच्छादन : अत्यंत पातळ कागद घेऊ नये. पीक संपल्यावर प्रथम झाडांचे बुंधे जमिनीलगत कापून घ्यावेत, जमीन वाफशावर असताना एका टोकापासून कागद गुंडाळत न्यावा व माती झटकावी. कागद काढल्याखेरीज नांगर किंवा रोटाव्हेटर लावू नये. मातीने माखलेला कागद भंगारवाला घेत नाही. म्हणून तो धुऊन, वाळवून, गठ्ठे बांधून ठेवावा. जेथे शक्य असेल तेथे उसाचे पाचट, गव्हाचे काड किंवा पालापाचोळा यांचे आच्छादन करावे. ते काढावे लागत नाही व कुजून जमिनीला खत देते.

'विघटनशील' म्हणून विकला जाणारा कागद : काही कागद फक्त लवकर तुटतात, त्यांचे तुकडे प्लास्टिकच राहतात. काही कारखान्यातील कंपोस्टाच्या उष्णतेतच कुजतात, शेतात नाही. प्रमाणपत्र पाहिल्याशिवाय व ते मातीत कुजण्याबद्दलचे आहे याची खात्री केल्याशिवाय तो जमिनीत गाडू नये.

रोपे व बांधणी : लागणीच्या वेळी रोपाची पिशवी एका बाजूने सरळ चिरून अखंड काढावी, खड्ड्यात टाकू नये. कलमाची पट्टी कलम जुळताच सोडवावी. टोमॅटोचे वेल बांधण्यास शक्यतो काथ्या, वाख, तागाची सुतळी किंवा केळीचे सोपट वापरावे.

पोती व डबे : खताच्या पोत्याची शिवण उसवून तोंड उघडावे, पोते फाडू नये. औषधाचे डबे तीन वेळा धुऊन ते पाणी फवारणीच्या टाकीतच ओतावे आणि डब्यास भोके पाडून तो वेगळा ठेवावा.

जाळणे : प्लास्टिक बांधावर जाळू नये. विशेषतः पीव्हीसी जळताना अत्यंत विषारी वायू निघतात आणि उरलेली राख व अर्धवट वितळलेले तुकडे मातीतच राहतात.

घरचे खत : नाडेप टाकीत किंवा उकिरड्यात पिशव्या, पुड्या व प्लास्टिकचे अस्तर असलेली द्रोणपत्रावळ जाऊ देऊ नये. गावजेवणास पळसाच्या किंवा मोहाच्या पानांच्या पत्रावळी वापराव्यात.

गावपातळीवरील कार्यकर्त्यांचे काम

महाराष्ट्र शासनाने २३ मार्च २०१८ रोजी अधिसूचना काढून अनेक प्लास्टिक वस्तूंवर बंदी घातली. केंद्र शासनाने १ जुलै २०२२ पासून एकदाच वापरावयाच्या काही वस्तूंवर देशभर बंदी आणली आणि ३१ डिसेंबर २०२२ पासून हातपिशवीची किमान जाडी १२० मायक्रॉन ठरविली. कायदा आहे, पण कायद्याचा माणूस प्रत्येक बांधावर उभा राहू शकत नाही. तेथे कार्यकर्त्याचाच उपयोग आहे.

प्रत्येक कार्यकर्त्याने हंगामापूर्वी आपल्या गावात तीन कामे करावीत. पहिले, शहरी कंपोस्ट घेणाऱ्या शेतकऱ्यांना एकत्र बोलावून वरील परीक्षा सर्वांसमक्ष करून दाखवावी. दुसरे, आच्छादनाचे पीक निघण्याच्या सुमारास ग्रामपंचायतीच्या मदतीने जुना कागद, नळ्या व पोती एका ठिकाणी गोळा करण्याचा दिवस ठरवावा. एकट्या शेतकऱ्याचा दहा किलो माल कोणी नेत नाही, पण गावाचा गाडीभर माल नेण्यास खरेदीदार येतो. तिसरे, एखाद्या केंद्राच्या खतात वारंवार प्लास्टिक आढळले, तर परीक्षेचे निकाल लिहून त्या केंद्रास व तालुका कृषी कार्यालयास कळवावेत. ग्राहक विचारतो आहे हे समजले, म्हणजे केंद्रचालक महापालिकेस विचारतो आणि महापालिका वस्तीस विचारते.

सदाशिव पेठेत ज्यांचे नातेवाईक किंवा शिकणारी मुले राहतात, अशी कुटुंबे पुणे जिल्ह्याच्या बहुतेक गावांत आहेत. त्यांना एवढाच निरोप द्यावा, की दुधाच्या पिशवीचा कोपरा पूर्ण कापून वेगळा करू नये. कात्रीचा छेद शेवटपर्यंत न नेता कोपरा पिशवीलाच लटकत ठेवावा; म्हणजे तो पिशवीबरोबर सुक्या कचऱ्यात जाईल. यास पैसा लागत नाही व वेळही लागत नाही.

खताची गाडी शिवारात आली म्हणजे ती लगेच रिती करण्याची घाई होते. या वर्षी ती घाई करू नये. गाडी बांधावर उभी करावी, बरणी व मीठ काढावे, आणि परीक्षा झाल्यावरच पाटी भरावी.